दोन नॉर्म झाले होते ना तुमचे?

झाले होते. नॉर्म म्हणजे बुद्धिबळाच्या एका स्पर्धेत ग्रँडमास्टरच्या दर्जाची कामगिरी; किताबाला असे तीन लागतात. २००५ मध्ये एक, २००६ मध्ये दुसरा. तिसरा झाला नाही. हे तुम्हाला माहीतच असतं, तरी पुढचा प्रश्न येतोच: मग ग्रँडमास्टर का नाही झालात?

लग्नाच्या पंगतीत विचारतात, एसटी स्टँडवर विचारतात, मुलाला क्लासला सोडायला आलेले पालक चप्पल काढता काढता विचारतात. २०२५ च्या जुलैमध्ये नागपूरच्या दिव्या देशमुखनं बाटुमीत महिला वर्ल्ड कप जिंकला आणि ती देशाची ८८वी ग्रँडमास्टर झाली, त्या आठवड्यात तर फोन थांबेनात. एक काका म्हणाले, "तिला म्हणे एकसुद्धा नॉर्म नव्हता, तरी झाली." खरं आहे, काका. तो वर्ल्ड कप जिंकला की किताब थेट मिळतो. वाटेत झू जिनर, हरिका, तान झोंगयी आणि शेवटी टायब्रेकमध्ये हंपी, एवढ्यांना हरवायचं, की झालं. माझं तेवढंच करायचं राहून गेलं.

चिडून लिहितोय, कळतंय मला. पण मी आयएम आहे, इंटरनॅशनल मास्टर, ग्रँडमास्टरच्या एक पायरी खालचा किताब. आणि आयएम म्हणजे काय, तर ग्रँडमास्टर व्हायचा राहिलेला माणूस, असाच अर्थ आपल्याकडे लावतात. त्यालाही तीन नॉर्म लागतात, २४०० रेटिंग, म्हणजे खेळाडूच्या ताकदीचा आकडा, लागतं. सूत सायझिंगच्या कारखान्यातल्या दिवाणजीचा पोरगा इचलकरंजीहून पहाटेची एसटी धरून सांगलीला स्पर्धा खेळायला जायचा, तो तिथवर पोचला. आमच्या नातेवाइकांत याचं कौतुक साधारण सहा महिने टिकलं. सातव्या महिन्यापासून 'आता पुढचं कधी?' सुरू झालं. धीर देणारे ठिपश्यांचं उदाहरण द्यायचे. प्रवीण ठिपसे १९९७ मध्ये ग्रँडमास्टर झाले, आनंद आणि बरुआ यांच्यानंतर देशातले तिसरे, आणि तेव्हा त्यांची चाळिशी जवळ आली होती. 'तुला तर अजून वेळ आहे.' आता मी त्रेचाळीसचा आहे. ते उदाहरण हल्ली कोणी देत नाही.

आजवर मी या प्रश्नाला बहुतेक एकच गोष्ट सांगत आलो. स्पेनमधली ओपन स्पर्धा, शेवटची फेरी, हातातला नॉर्म गेला. लोक हळहळतात, विषय संपतो. ही गोष्ट खोटी नाही. पण मी ती नेहमी एक भाग गाळून सांगतो.

२००८ चा उन्हाळा होता. आठ फेऱ्यांत माझे सहा गुण झाले होते. नवव्या फेरीचा धरून सगळ्या प्रतिस्पर्ध्यांच्या रेटिंगची सरासरी २४३६ भरत होती. म्हणजे साडेसहा गुणांना कामगिरी २६०२ रेटिंगची आणि नॉर्मला लागते २६०० ची. दोनच वर! हा हिशोब मी आदल्या रात्री हॉस्टेलच्या खाटेवर बसून जेवणाच्या बिलामागे तीनदा मांडला होता. अर्धा गुण हवा होता. एक बरोबरी.

समोर पन्नाशीचा, पूर्व युरोपातला ग्रँडमास्टर. सगळा डाव एकच जॅकेट घालून खेळला, हॉलमध्ये उकडत होतं तरी. पांढरी माझ्याकडे. एकविसाव्या खेळीला त्यानं उंट मागे घेतला, माझ्याकडे बघितलं आणि बरोबरी विचारली.

मी तेवीस मिनिटं विचार केला. स्कोअरशीटवर प्रत्येक खेळीपुढे घड्याळात उरलेली वेळ लिहायची माझी सवय होती, म्हणून आकडा नक्की आहे. लोकांना मी सांगतो की माझ्याकडे दोन उंट होते, जागा जास्त होती, घोड्याला त्याच्या बरं घर नव्हतं, म्हणून मी पोझिशन बघत होतो. पोझिशन मी पहिल्या पाच मिनिटांत बघून टाकली होती. उरलेली अठरा मिनिटं मी बक्षिसांचा तक्ता आठवत होतो.

बरोबरी झाली तर मी आठ-दहा जणांच्या घोळक्यात, वाट्याला दोनशे-अडीचशे युरो. जिंकलो तर पंधराशेच्या आसपास. तेव्हाच्या भावानं लाखभर रुपये. त्या दौऱ्यासाठी बाबांनी पतसंस्थेतून एक लाख वीस हजार काढले होते, जामीन मामा. मामांनी सही केली आणि पेनाचं टोपण लावताना म्हणाले होते, "बुद्धिबळात पैसे आहेत का रे पण?" ते टोपण बसल्याचा आवाज मला त्या हॉलमध्ये ऐकू येत होता.

मी नाही म्हणालो. म्हणजे म्हणालो काहीच नाही, खेळी केली.

पुढचं पटापट सांगतो, कारण ते बुद्धिबळ फार बरं नव्हतं. तेवीस मिनिटं घालवल्यामुळे तिसाव्या खेळीपासून वेळेची मारामार सुरू झाली. चौतिसाव्या खेळीला मी प्यादं जी४ ला ढकललं. शाळेतल्या पोरालाही कळतं की त्या प्याद्यानं आपली जागा सोडली की एफ४ चं घर उघडं पडतं. त्याचा तो बेघर घोडा तीन उड्यांत तिथे येऊन बसला आणि मग डावभर हललाच नाही. अठ्ठावन्नाव्या खेळीला मी हात पुढे केला. सह्या करताना त्यानं मोडक्या इंग्रजीत एवढंच विचारलं, तुला नॉर्म होत होता ना? मी हो म्हणालो. त्यानं मान हलवली, आणि त्याच्या चेहऱ्यावर आनंद नव्हता, याचा मला आजही राग येतो.

रात्री घरी फोन केला. बाबा म्हणाले, "हरलास? लई ताकदीचा होता काय रं?"

"हो," मी म्हणालो.

बरोबरी विचारली होती हे त्यांना मी कधीच सांगितलं नाही. आता ते मोबाइलवर सगळं वाचतात, हेही वाचतील. बाबा, कर्ज फिटलं, तेव्हा तो विषय काढू नका.

पंचवीस वर्षांच्या त्या मुलाशी मी अजून भांडतो. मी म्हणतो, अरे, नॉर्म विकत मिळत नाही, लाख रुपये पुन्हा मिळवता आले असते. तो म्हणतो, तुला आज म्हणायला काय जातं? पतसंस्थेची नोटीस तुझ्या आईच्या हातात पडणार नव्हती. मग मी म्हणतो, निदान लोकांना खरं तरी सांगायचंस. मी रेटिंगसाठी खेळलो, २५०० गाठायला प्रत्येक पॉइंट हवा होता, असं जे तू वर्षानुवर्षं ऐकवलंस, त्यावर बुद्धिबळ कळणाऱ्या एकानंही तुला कसं हटकलं नाही? एकदा २४०० ओलांडलं की के-फॅक्टर दहा, म्हणजे एका डावात रेटिंग फार तर दहा पॉइंटांनी हलतं. जिंकणं आणि बरोबरी यांत फरक पाच पॉइंटांचा. पाच पॉइंटांसाठी कोणी नॉर्म सोडतं? यावर तो गप्प बसतो.

आणि आता ते, जे मला स्वतःलाही मान्य करायला वेळ लागला. त्या दिवशी बरोबरी घेतली असती तरी मी ग्रँडमास्टर झालो नसतो. तीन नॉर्म झाले तरी २५०० लागतंच, आणि माझं सगळ्यात वरचं रेटिंग २४६७, तेही पुढच्या वर्षी. तेहेतीस पॉइंट कमी. ऐकायला थोडे वाटतात. आपल्याकडच्या ओपनमध्ये समोर येतो २२०५ चा आठवीतला मुलगा, ज्याची खरी ताकद २४०० असते. २४५५ ला असताना मी त्याला हरवलं तर १.९ मिळणार, बरोबरी झाली तर ३.१ जाणार, हरलो तर ८.१. अशी पोरं एका स्पर्धेत चार भेटतात. युरोपात कमावलेलं इथे दोन आठवड्यांत धुऊन जायचं.

म्हणून सोडलं का? २०११ मध्ये नोकरी लागली, खेळाडू कोट्यातून. नोकरीमुळे खेळ सुटला असंही मी सांगून बघितलंय. ऑफिस स्पर्धांसाठी पगारी रजा द्यायचं. पहिल्या वर्षी मी ती सगळी घेतली, दुसऱ्या वर्षी निम्मी, तिसऱ्या वर्षी अर्जच केला नाही. कोणी अडवलं नव्हतं. सकाळी पट मांडायचा कंटाळा यायला लागला होता, एवढंच. आता हे पंगतीत कसं सांगायचं? जी४ ची गोष्ट सांगायला बरी पडते. त्यात एक चूक आहे, तिला नंबर आहे, चौतीस.

तरी, ती खेळी नसती तर कंटाळा आला असता का, हेही मला सांगता येत नाही. कधी वाटतं नॉर्म झाला असता तर तेहेतीस पॉइंटांसाठी मी आणखी पाच वर्षं घासली असती. कधी वाटतं, बरं झालं.

गेल्या महिन्यात क्लासमध्ये एकविसाव्या खेळीची ती पोझिशन पटावर मांडली. डाव कोणाचा ते सांगितलं नाही. फक्त म्हणालो, पांढऱ्याला बरोबरी विचारली आहे, काय कराल? सहा मुलं होती. चौघांनी दोन उंट बघितले आणि खेळायचं म्हणाले. संगणकावरचं इंजिनही पांढऱ्याची बाजू थोडी सरसच दाखवतं, ०.३. एक मुलगा खिडकीबाहेर बघत होता. उरलेली एक मुलगी, साडेदहा वर्षांची, म्हणाली, "सर, आधी सांगा, पॉइंट किती झालेत?"

आठात सहा, मी म्हणालो. नॉर्मला अर्धा हवाय.

"मग घ्यायची," ती म्हणाली आणि वही मिटली.

"पॉइंट नंतर, आधी पट बघ," मी जरा जोरातच म्हणालो.