एक्सेटर, टॉप्सम आणि डिक पिम

वेम्बली, ओल्ड ट्रॅफर्ड, ॲनफिल्ड बघून आलेली मराठी मंडळी पुष्कळ भेटतात, पण फुटबॉलसाठी मुद्दाम इंग्लंडच्या नैऋत्येला डेव्हन परगण्यातल्या एक्सेटरला जाऊन आलेलं मला अजून कोणी भेटलं नाही, म्हणून हे लिहितेय. भाचा तिथल्या युनिव्हर्सिटीत मास्टर्स करतोय, म्हणाला मावशी ये ना वीकेंडला, शनिवारी मॅच पण आहे. मला तर कधीपासून डिक पिमचं गाव बघायचं होतं. रेडिंगहून सकाळची ट्रेन पकडली आणि निघाले.

डिक पिम कोण ते आधी सांगते. गोलकीपर. जन्म 1893 चा, एक्सेटरजवळच एक्स नदीच्या काठावरच्या टॉप्समचा, घरचा धंदा मासेमारीचा. 1911 च्या सुमारास एक्सेटर सिटी या फुटबॉल क्लबात आला. तेव्हा कीपरला आपल्या निम्म्या मैदानात कुठेही बॉल हाताने घेता यायचा, हो, पार सेंटर लाइनपर्यंत! 1912 मध्ये नियम बदलला आणि हाताची मुभा पेनल्टी एरियापुरती, म्हणजे गोलसमोरच्या आखलेल्या चौकोनापुरती उरली. म्हणजे जुना कीपर जाऊन आजचा कीपर जन्माला आला तेव्हा हा पोरगा नुकताच गोलात उभा राहायला लागला होता.

एक्सेटरच्या ग्राउंडचं नाव सेंट जेम्स पार्क, आणि त्याच नावाचं छोटंसं स्टेशन ग्राउंडला अगदी खेटून आहे. उतरलं की दोन मिनिटांत गेट. आम्ही बिग बँकची तिकिटं काढली होती, गोलच्या मागचा उभं राहून मॅच बघायचा टेरेस. असे टेरेस आता इंग्लंडच्या लीगमध्ये फार कमी उरलेत आणि हा त्यातला मोठ्यांपैकी एक. लोखंडी कठड्याला टेकून उभं राहायचं, हातात गरम पेस्टी, समोर लाल-पांढऱ्या पट्ट्यांचे शर्ट, आणि शेजारचे आजोबा रेफरीच्या नावाने जे काही बोलत होते ते लिहिता येणार नाही :) क्लबसुद्धा 2003 पासून फॅन्सच्या ट्रस्टच्या मालकीचा आहे, त्यामुळे तिथे गर्दीत उभं राहिलं की प्रत्येकजण घरचं कार्य असल्यासारखा वावरताना दिसतो.

आणि ही जागा क्लबची झाली कशी, तर पिममुळे! 1921 मध्ये उत्तर इंग्लंडातल्या बोल्टन वाँडरर्स क्लबने त्याला विकत घेतलं, त्या काळातले पाच हजार पौंडांच्या आसपास मोजून, एका कीपरसाठी प्रचंड रक्कम होती ती. त्याच पैशातून एक्सेटर सिटीने हे ग्राउंड विकत घेतलं. क्लबने आपला सगळ्यात चांगला माणूस दिला आणि जमीन घेतली, आणि शंभर वर्षांनंतर मी त्याच जमिनीवर उभी होते. भाच्याला हे सांगितलं तर तो मॅच सोडून माझ्याकडेच बघत राहिला.

ब्राझीलची गोष्ट पण याच क्लबची. 1914 मध्ये एक्सेटर सिटी बोटीने दक्षिण अमेरिकेच्या दौऱ्यावर गेली, आधी अर्जेंटिना मग ब्राझील, आणि 21 जुलैला रिओमध्ये फ्लुमिनेन्सच्या ग्राउंडवर जी मॅच झाली ती ब्राझीलच्या नॅशनल टीमची पहिली मॅच मानली जाते. ब्राझील 2-0 ने जिंकलं. पिमही त्या दौऱ्यावर होता. पुढे पाच वर्ल्ड कप जिंकणारा देश, त्याची सुरुवात डेव्हनच्या एका लहानशा क्लबसमोर झाली. एक्सेटरचे फॅन्स अजून समोरच्या टीमला गाण्यातून विचारतात की तुम्ही कधी ब्राझीलशी खेळलाय का. पिमने तिकडून म्हणे एक पोपट आणला होता, तो मेल्यावर त्याला ग्राउंडमध्येच गोलपाशी पुरला, मग टीम हरायलाच लागली, शेवटी पोपट उकरून बाहेर काढला तेव्हा कुठे गाडी रुळावर आली असं सांगतात. खरं किती कोण जाणे, पण सांगणारे फार प्रेमाने सांगतात.

रविवारी टॉप्समला गेलो, त्याच लाइनवर पुढे थोडी स्टेशनं. सिंगल ट्रॅक आहे, टॉप्समला समोरची गाडी येईपर्यंत आपली थांबते. गाव इतकं देखणं की बस! स्ट्रँड नावाच्या रस्त्यावर डच पद्धतीच्या वळणदार गेबलांची, म्हणजे छपराखालच्या नक्षीदार तिकोनी भिंतींची घरं, पूर्वी इथून लोकरीचं कापड हॉलंडला जायचं तेव्हाची ती छाप. रस्ता संपला की गोट वॉक नावाची अरुंद वाट अगदी पाण्याला लागून जाते. आम्ही गेलो तेव्हा ओहोटी होती, होड्या चिखलात एका कुशीवर कलंडलेल्या, दोर शेवाळाने हिरवेगार, आणि लांब चिखलात ॲव्होसेट पक्ष्यांचा थवा, ती वर वळलेली चोच डावी-उजवीकडे फिरवत खाणं शोधत होता. ट्रेनच्या लाइनला नावच ॲव्होसेट लाइन आहे. अशा चिखलात आणि थंडगार पाण्यात सामनची जाळी ओढणाऱ्या घरात पिम वाढला. ओली जड जाळी ओढणाऱ्या माणसाच्या पंजातून ओला चामडी बॉल सहसा सुटत नसणार, हे मला तिथे उभं राहून पटलं.

वेम्बलीची गोष्ट मी भाच्याला तिथेच एका बाकावर बसून सांगितली. 28 एप्रिल 1923, नव्या स्टेडियममधली पहिली एफए कप (इंग्लंडची जुनी नॉकआउट स्पर्धा) फायनल, बोल्टन विरुद्ध लंडनचा वेस्ट हॅम. अधिकृत आकडा 1,26,047, पण प्रत्यक्षात दोन लाखांच्या वर माणसं शिरली असं मानतात. सगळं मैदान माणसांनी भरून गेलं, जॉर्ज स्कोरी नावाच्या पोलिसाने बिली नावाच्या पांढऱ्या घोड्यावरून आणि त्याच्या जोडीदारांनी गर्दी हळूहळू मागे सारली, मॅच पाऊण तास उशिरा सुरू झाली. दुसऱ्याच मिनिटाला डेव्हिड जॅकचा गोल. हाफटाइमला खेळाडूंना बाहेर जायला वाटच नव्हती, मैदानातच थांबले. साइडलाइनला भिंतीसारखे लोक उभे, अशा गोंधळात पिमने एकही गोल खाल्ला नाही. बोल्टन 2-0.

मग 1926 ला मँचेस्टर सिटी, 1-0. 1929 ला पोर्ट्समथ, 2-0. तीन फायनल, एकही गोल नाही! यातल्या शेवटच्या दोन 1925 च्या ऑफसाइड नियमानंतरच्या. आधी ऑफसाइड ठरू नये म्हणून फॉरवर्डच्या पुढे, गोलच्या बाजूला, समोरच्या टीमचे तीन खेळाडू लागायचे, आता दोनच, आणि फर्स्ट डिव्हिजनमधले, म्हणजे तेव्हाच्या सगळ्यात वरच्या लीगमधले गोल एका सीझनमध्ये 1,192 वरून 1,703 वर गेले. सगळ्या कीपर्सची झोप उडाली असणार तेव्हा, आणि हा माणूस वेम्बलीत शून्यावर. इंग्लंडकडून मात्र फक्त तीन मॅच मिळाल्या, मला तर हे अजिबात पटत नाही.

पुढे तो टॉप्समला परत आला आणि पुन्हा मासेमारी. 1988 मध्ये गेला तेव्हा 95 वर्षांचा होता, इंग्लंडकडून खेळलेल्यांमध्ये तेव्हा सगळ्यात वयस्कर.

कोणाला जायचं असेल तर मॅच असलेला शनिवार धरा आणि रात्री एक्सेटरला राहून दुसऱ्या दिवशी टॉप्सम करा. काही गाड्या सेंट जेम्स पार्कला थांबत नाहीत, टाइमटेबल नीट बघूनच चढा. पक्षी बघायचे असतील तर थंडीतच जा, आणि चिखलात चालतील असे बूट घाला.