'उंबेर्तो डी.'च्या प्रिंटमधला एक जोड

इटालियन चित्रपटांच्या एका महोत्सवासाठी आलेल्या ३५ मिलिमीटर प्रिंट तपासण्याचे काम माझ्याकडे होते. त्या दिवशी टेबलावर आलेले दोन्ही चित्रपट व्हित्तोरिओ डी सिका यांचे होते. १९५२चा 'उंबेर्तो डी.' त्यांनी दिग्दर्शित केला आणि अँजेलो रिझोली व जुझेप्पे अमातो यांच्याबरोबर त्याच्या निर्मितीतही ते उतरले. १९५३च्या 'पाने, आमोरे ए फान्ताझिआ'मध्ये मात्र ते केवळ नट होते, खेडेगावात बदलून आलेल्या रंगेल पोलीस अधिकाऱ्याच्या भूमिकेत.

या दुसऱ्या प्रिंटच्या काठावरच्या, यंत्राचे दात अडकतात त्या छिद्रांच्या कडा फाटल्या होत्या, रिळांची टोके जोडांनी भरली होती आणि चित्र धरणाऱ्या थरावर, इमल्शनवर, उभ्या रेषांचा पाऊस होता; लोकांनी तो चित्रपट मनसोक्त पाहिला होता. 'उंबेर्तो डी.'ची छिद्रे जवळपास नव्यासारखी होती. ती फिल्म चिमटीतून सरकवत असताना एका रिळाच्या मध्यावर बोटांना जोड लागला आणि मी रीळ गुंडाळणारा रिवाइंडर थांबवला.

फिल्म तुटते ती बहुधा रिळाच्या टोकांशी, आणि तिथली कड वेडीवाकडी असते. हा जोड अगदी फ्रेमरेषेवर, म्हणजे दोन चित्रांमधल्या रेघेवर, होता आणि आजूबाजूची छिद्रे शाबूत होती. भिंगातून पाहिले, तर अलीकडे मोलकरीण मारिया पहाटे अंथरुणातून उठत होती आणि पलीकडे ती थेट दाराकडे निघाली होती. भिंतीवर काडी ओढून गॅस पेटवणे, मुंग्यांवर पाणी सोडणे, आपल्या गरोदर पोटाकडे पाहणे, कॉफी दळता दळता पाय लांब करून दार ढकलणे, हे सारे गायब होते. ध्वनिपट चित्राच्या सुमारे वीस फ्रेम पुढे छापलेला असल्याने अशा जागी नवे चित्र आल्यावरही जवळपास सेकंदभर जुनाच आवाज ऐकू येतो; म्हणजे घाव दोनदा बसतो.

डी सिका आणि पटकथाकार चेझारे झावात्तिनी यांचा साध्या माणसांचे रोजचे जगणे दाखवण्याचा सारा आग्रह याच मिनिटांत एकवटला आहे. त्यांच्या आधीच्या 'बायसिकल थीव्हज'साठी हॉलिवूडचे निर्माते डेव्हिड सेल्झनिक, नायक म्हणून तिथला तारा कॅरी ग्रँट घ्यावा या अटीवर पैसे द्यायला तयार होते; डी सिका यांनी ते नाकारून लांबेर्तो माज्जोरानी या कारखान्यातल्या कामगाराला घेतले. वडिलांना अर्पण केलेल्या 'उंबेर्तो डी.'साठी त्यांनी भाषाशास्त्राचे प्राध्यापक कार्लो बत्तिस्ती निवडले. चित्रपट तिकीटबारीवर पडला, आणि सरकारातले ज्युलिओ आंद्रेओत्ती यांनी जाहीर पत्र लिहून नापसंती कळवली. पुढच्याच वर्षी डी सिका यांनी तो पोलिसी गणवेश चढवला. अभिनयाच्या कमाईतला काही भाग जुगारात जाई हे खरे, पण त्याच कमाईवर त्यांना असे चित्रपट काढता आले.

संयोजकांचे म्हणणे असे की, एवढ्याने काय बिघडते, कोणाच्या लक्षातही येणार नाही. महोत्सव भरवणाऱ्यांनी असे म्हणावे याचा मला आलेला राग अजून गेलेला नाही. अहवालात मी 'अपूर्ण' असा शेरा मारला आणि डिजिटल प्रत मागवायला लावली. जाणता ऑपरेटर कापलेला तुकडा त्याच डब्यात गुंडाळून ठेवतो, म्हणून सगळे डबे पुन्हा उघडून पाहिले, तुकडा नव्हता. जोड टेपचा नसून सिमेंटचा, म्हणजे फिल्म चिकटवण्याच्या जुन्या पद्धतीच्या द्रावाचा आहे, त्यामुळे काटछाट बरीच जुनी असावी. पण कात्री वितरकाची की एखाद्या थिएटरमालकाची, हे मला अजून ठरवता आलेले नाही.