कानातले केस मी का काढत नाही

काढतो. बाहेर आलेले काढतो, एका रविवाराआड, बोथट टोकाच्या लहान कात्रीने, खिडकीपाशी आरसा घेऊन. आतल्यांना हात लावत नाही आणि कुणाला लावूही देत नाही. डिसेंबरात मुलीचं लग्न आहे, त्यामुळे सध्या घरादाराची नजर माझ्या कानांवर आहे. "फोटोत दिसतात हो." "वॅक्स मिळतं आता, एका झटक्यात निघतात." "मिशी एवढी कोरता, मग कानांनी काय घोडं मारलंय?" धाकटी बहीण इचलकरंजीहून फोन करते, तर ठेवता ठेवता म्हणतेच, "दादा, कानातलं तेवढं बघ की बाबा." आजवर मी काहीतरी बोलून वेळ मारून नेली. आता एकदाच नीट लिहितो.

आधी ते येतात का, ते. कारण विचारणाऱ्याच्या मनात बहुतेक वेळा हेच असतं की हा माणूस अंगाची निगा राखत नाही. तसं नाही. कानावर आणि कानाच्या तोंडाशी लव सगळ्यांनाच असते, बायकांनाही. पुरुषाच्या अंगातलं टेस्टोस्टेरॉन केसाच्या मुळाशी बदलून डायहायड्रोटेस्टोस्टेरॉन होतं, आणि ते वर्षानुवर्षं त्या लवेवर काम करत राहतं. त्यातून पातळ, बिनरंगी लव राठ आणि काळी होते. हे काम सावकाश चालतं, म्हणून चाळिशी-पन्नाशीत दिसू लागतं. टाळूवरची मुळं त्याच द्रव्याने आक्रसतात आणि कानातली, नाकातली, भुवयांची जोर धरतात. एकाच घरात एकाच पगारावर एक मुलगा वाढावा आणि दुसरा खंगावा, तसं. माझी टाळू पंचेचाळिशीला दिसायला लागली आणि कान त्याच सुमारास भरले. कानाच्या भोकापुढे जो छोटा उंचवटा असतो त्याला शरीरशास्त्रात 'ट्रेगस' म्हणतात. तो शब्द बोकडावरून आलाय, ग्रीक भाषेतून. वयस्क पुरुषाच्या त्या उंचवट्यावर बोकडाच्या दाढीसारखा झुपका येतो, म्हणून. म्हणजे हा काही कोल्हापूरच्या मंगळवार पेठेतल्या एका घराण्याचा गलिच्छपणा नव्हे, दोन हजार वर्षांपूर्वीही लोक तो बघत होते.

घराण्याचं म्हणाल, तर मुलगी बारावीला असताना जीवशास्त्राच्या पुस्तकातून तिने मला वाचून दाखवलं होतं की कानावरचे केस हे वाय गुणसूत्रावरून बापाकडून फक्त मुलाकडे जातात. पुष्कळ वर्षं तसंच मानलं जात होतं, 1964 साली भारतातल्या कुटुंबांचा अभ्यास करून ते मांडलंही गेलं. पुढे 2004 मध्ये दक्षिण भारतातल्या अशा पुरुषांची वाय गुणसूत्रं प्रत्यक्ष तपासली, तेव्हा तसा संबंध निघाला नाही. वारसा असतो, पण तो इतका सरळ नाही. तरी मी आरशात बघतो तेव्हा मला आबांचेच, माझ्या वडिलांचेच कान दिसतात, ते वेगळं.

आणि आबांच्या कानांबद्दल लिहिल्याशिवाय हे उत्तर पुरं होत नाही. मी ते टाळतोय हे माझ्या लक्षात आलंय.

आबा तरुणपणी तालमीत होते. खासबागेच्या कुस्ती मैदानात दोन-तीनदा उतरले, मोठं नाव झालं नाही, पण कान मोडले. मोडलेला कान इथं सगळ्यांनी पाहिलाय, तरी तो कसा होतो ते सांगतो. डोकं घासलं, दाबलं गेलं की कानाची कूर्चा आणि तिच्यावरचं आवरण यांच्यामध्ये रक्त साकळतं. कूर्चेला पोसणारं तेच आवरण असतं. ते सुटलं की कूर्चा मरते आणि तिच्या जागी कडक गोळा धरतो. आबांचा डावा कान भाजलेल्या वांग्यासारखा आत वळला होता, भोक चिंचोक्याएवढं उरलं होतं, आणि त्यातून पांढऱ्या-काळ्या केसांचा झुपका बाहेर यायचा. भिंतीच्या भेगेतून गवत यावं तसा. मार्केट यार्डात गुळाच्या अडतीवर ते दिवाणजी होते. शेतकरी गुळाचे रवे उतरवताना म्हणायचे, "दिवाणजी, कानावर क्यास म्हंजे भाग्याचा मानूस." आबांना ते आवडायचं.

मला नाही आवडायचं. हे सरळच लिहितो. 2009 साली मे महिन्यात बहिणीचं लग्न होतं, उशिरा जमलेलं, घरात सगळे जरा ताणाखालीच. याद्या करायच्या बैठकीला मुलाकडच्या एक बाई शेजारणीच्या कानाशी काहीतरी कुजबुजल्या आणि दोघी आबांच्या कानाकडे बघून हसल्या. त्या कदाचित दुसऱ्याच गोष्टीला हसल्या असतील. मी एकेचाळीस वर्षांचा होतो, नोकरदार, दोन मुलांचा बाप, आणि मला माझ्या बापाची लाज वाटली.

लग्नाच्या आदल्या रात्री, देवक बसल्यावर, मी त्यांना माडीवर ट्यूबलाइटखाली खुर्चीत बसवलं. हातात बायकोचा भुवया करायचा प्लकर.

"कातरून घे की रं. उपटतोस कशाला?" आबा म्हणाले.

"कातरले की दाट येतात, आबा."

हे मी अगदी खात्रीने बोललो. ते साफ खोटं आहे. केस कापला की त्याचं टोक बोथट होतं, म्हणून खुंट हाताला राठ लागतो. मूळ कातडीखाली असतं, कात्रीची त्याला खबरही नसते. हे मला कितीतरी नंतर कळलं. त्या रात्री कळलं असतं तर मी कात्री घेतली असती.

चाळीसेक केस निघाले. एकेक ओढून मी मांडीवरच्या रुमालावर ठेवत होतो. प्रत्येकाच्या बुडाला पांढरा, ओलसर दाणा. आधी बाहेरचे काढले आणि मग, जमतंय म्हणून, आतले. दर केसागणिक आबांचा डावा हात गुडघा आवळत होता. तोंडातून शब्द नाही. तालमीत वाढलेला माणूस पोराच्या हातच्या चिमट्याला काय ओरडणार. शेवटी भोकाच्या आत एक रक्ताचा थेंब दिसला. मी कापूस लावला. आबा आरशात बघून म्हणाले, "बरं झालं. पोरीच्या लग्नात तेवढंच." त्यांनाही ती कुजबुज दिसली होती, हे मला तेव्हा कळलं.

आबांना साखर होती, आठ-नऊ वर्षांची. गोळ्या मनाला येईल तशा. लग्नाच्या दिवशी कानात कापूस होता, पूजेच्या दिवशी कान खाजतोय म्हणाले आणि किल्लीने खाजवला. मग सवयीप्रमाणे पंचगंगेवर पोहायला जायला लागले. आठवड्याने दुखायला लागलं. जवळच्या दवाखान्यात थेंब दिले, मग वेगळे थेंब दिले. दुखणं दिवसा कमी, रात्री जास्त. जबड्यापर्यंत जायचं, घास चावता येईना. आबा उशीत तोंड खुपसून कण्हायचे. तालीम, मार शिकलेलं अंग, आणि कानदुखीने कण्हतंय, हे कुणाला खरंच वाटेना. मलाही अति वाटलं. मी म्हणालो, "आबा, कानच दुखतोय ना."

जूनच्या शेवटी एका सकाळी ते बशीतून चहा पीत होते. बशी ओठाला लावली आणि चहा डाव्या कोपऱ्यातून धोतरावर सांडला. त्यांनी परत लावली, परत सांडला. त्यांना कळेना काय होतंय. तोंडाची डावी बाजू उतरली होती.

मोठ्या दवाखान्यात स्कॅन झाला. साखर तीनशेच्या पुढे. आजाराचं नाव मॅलिग्नंट ओटायटिस एक्स्टर्ना. त्यातलं 'मॅलिग्नंट' ऐकून आई खालीच बसली. हा कॅन्सर नव्हे. स्यूडोमोनास नावाचा जंतू असतो, पाण्यात, ओलीत राहणारा. धडधाकट कानात शिरला तर कातडी सुजवून थांबतो. मधुमेही म्हाताऱ्या माणसात तो नळीच्या कातडीतून कवटीच्या तळाच्या हाडात उतरू शकतो. चेहरा हलवणारी नस कानाच्या बरोबर खालून बाहेर पडते, ती सापडते.

डॉक्टरांनी विचारलं, "कानात काही घातलं होतं का? काडी, पिन, पाणी मारून मळ काढला होता?"

मी म्हणालो, "पंचगंगेत पोहतात रोज."

त्यांनी ते लिहून घेतलं. आबा शेजारीच होते, उजव्या कानाने त्यांना स्वच्छ ऐकू येत होतं. त्यांनी माझ्याकडे बघितलं, एक डोळा मिटत नव्हता त्या डोळ्यानेही बघितलं, आणि काही बोलले नाहीत. किल्लीचंसुद्धा बोलले नाहीत. तेवढं बोलले असते तरी माझ्यावरचं निम्मं ओझं गेलं असतं, आणि ते त्यांना माहीत होतं असं मला वाटतं, म्हणजे ते मुद्दाम गप्प राहिले की विसरले हे मी इतकी वर्षं ठरवू शकलो नाही.

सहा आठवडे शिरेतून औषध, पुढे गोळ्या. दुखणं गेलं. चेहरा अर्धा सावरला. आबा 2013 साली गेले, हृदयाने, कानाने नाही. पण त्या चार वर्षांत ते बशीतून चहा प्यायले नाहीत. कप धरायचे, उजव्या बाजूने.

आता तुम्ही म्हणाल, केस उपटल्यानेच झालं हे कशावरून? मीही स्वतःला तेच म्हणत आलो. पुष्कळ वर्षांनी दुसऱ्या एका डॉक्टरांना सगळं खरं सांगून विचारलं. ते म्हणाले, नदीचं पाणी, किल्ली, उपटलेल्या मुळाची जखम, यांतलं काहीही असेल, आणि खरं कारण न सांभाळलेली साखर. म्हणजे मी सुटलो. पण तो एकेचाळीस वर्षांचा माणूस समोर येतो आणि म्हणतो, "मी आबांसाठीच केलं." मी म्हणतो, नाही, फोटोसाठी केलंस. तो म्हणतो, "पंचगंगेत पोहायचे हे खोटं होतं का?" नव्हतं. इथं मी अडतो.

कानाची नळी जेमतेम अडीच सेंटिमीटर. केस असतात ते फक्त बाहेरच्या एक तृतीयांश भागात, मळाच्या ग्रंथीही तिथंच. चिकट मळ आणि केस मिळून धूळ, किडे अडवतात आणि नळीची कातडी आपोआप आतून बाहेर सरकत मळ बाहेर आणते. त्याच्या आत हाडावर ताणलेली पातळ कातडी असते, तिला नख लागलं तरी सोलवटते. म्हणून कात्री किंवा छोटा ट्रिमर, तोही बाहेरून दिसणाऱ्या केसांपुरता. कानाच्या कडेवरचे केस सलूनवाला मशीनने घेतो ते ठीक. नळीत वॅक्स ओतणं वाईटच. लेझर पांढऱ्या केसांवर चालत नाही, त्याला काळा रंग लागतो. ऐकण्याचं मशीन ज्यांना आहे त्यांचं केस आणि मळ दाटले की शिट्टी मारतं, त्यांनी कानाच्या डॉक्टरांकडूनच साफ करून घ्यावं. आणि कानात केस म्हणजे हृदयविकार, असं जे मला पुनःपुन्हा पाठवलं जातं, त्याचं मूळ 1984 साली एका वैद्यकीय नियतकालिकात आलेल्या छोट्या पत्रात आहे. वय वाढलं की केसही येतात आणि हृदयही थकतं. केस उपटून हृदय सुधारत नाही. आबांचं तसं झालं म्हणून मला हे वाचताना धडधडतं, हेही लिहून ठेवतो.

मला साखर नाही. दर सहा महिन्यांनी तपासतो. म्हणजे जपून एखादा केस उपटला तर बहुधा काही होणार नाही. त्यामुळे माझं न काढणं वैद्यकीय आहे, असं मी यापुढे म्हणणार नाही. बायको याला प्रायश्चित्त म्हणते. मला तो शब्द पटत नाही. प्रायश्चित्त केलं तर कधीतरी फिटतं. मला फक्त एवढं माहीत आहे की त्या भोकाजवळ चिमटा आला की माझा डावा हात आपोआप गुडघ्यावर जातो. मुलीने परवा हौसेने प्लकर काढला होता. मी उठून गॅलरीत गेलो. ती दुखावली. तिच्यासाठीही हे लिहितोय.

पण जास्त धाकटीसाठी. तिला यातलं काहीच माहीत नाही. आबा नदीच्या पाण्याने आजारी पडले, एवढंच तिला सांगितलंय, तिच्या लग्नाशी त्याचा संबंध येऊ नये म्हणून. निदान मी स्वतःला तसं सांगत आलो. तिच्या इचलकरंजीच्या घरी हॉलमध्ये लग्नातला एक मोठा फोटो आहे. ती आणि आबा, पाठवणीच्या आधीचा. आबा फेट्यात, ताठ, कान स्वच्छ. आल्यागेल्याला ती दाखवते, "आमचे आबा बघा, काय देखणे दिसतात." फेट्याच्या खाली डाव्या कानात कापसाचा एक बारीक पांढरा ठिपका आहे. तिला तो फोटोवरचा डाग वाटतो. दोनदा ओल्या फडक्याने काच पुसताना मी तिला पाहिलंय.