हात हलतोच, गोळी बिघडते ती ट्रिगरवर

एअर पिस्तूल हाती घेऊन सराव सुरू केला तेव्हा पहिली दोन वर्षे मी एकाच गोष्टीशी झगडत होतो, ती म्हणजे हात स्थिर ठेवणे. दंड आणि खांद्याचे व्यायाम केले, पाण्याने भरलेली बाटली हात लांब करून धरून ठेवली आणि त्याचा थोडा उपयोगही झाला, परंतु गुण मात्र जिथल्या तिथे राहिले. नऊ आणि दहाच्या मालिकेत अचानक एखादा सहा किंवा सात उमटायचा, आणि त्याचे खापर मी दरवेळी हात हलण्यावर फोडत असे. हे निदान चुकीचे होते, हे मला कागदावर हिशोब मांडल्यावर कळले.

दहा मीटर एअर पिस्तुलाच्या लक्ष्यावर दहाच्या वर्तुळाचा व्यास ११.५ मिलिमीटर असतो आणि पुढचे प्रत्येक वर्तुळ त्रिज्येने ८ मिलिमीटर वाढत जाते. ४.५ मिलिमीटरचा छर्रा वर्तुळाच्या रेषेला नुसता स्पर्शून गेला तरी वरचा गुण मिळतो. याचा अर्थ असा की छर्‍याचा मध्य लक्ष्याच्या केंद्रापासून ८ मिलिमीटरपर्यंत कोणत्याही बाजूला सरकला तरी दहाच मोजला जातो. नेम धरण्यासाठी पिस्तुलावर दोन साइट असतात, नळीच्या टोकाशी फ्रंट साइट आणि मागे खाच असलेली रिअर साइट. या दोन्ही साइट एकमेकींशी जुळलेल्या असतील आणि संपूर्ण पिस्तूलच समांतर सरकत असेल, तर हाताची १ मिलिमीटर हालचाल लक्ष्यावरही १ मिलिमीटरच राहते. मात्र मनगट किंचित मोडून फ्रंट साइट रिअर साइटच्या खाचेत १ मिलिमीटरने बाजूला गेली, तर गणित पार बदलते. दोन्ही साइटमधले अंतर साधारण ३३ सेंटिमीटर धरले, तर दहा मीटरवर ही चूक तीसपट होते आणि छर्रा केंद्रापासून ३० मिलिमीटर दूर, म्हणजे सातच्या वर्तुळात जाऊन बसतो. ज्या हालचालीला मी दोन वर्षे घाबरत होतो ती बहुतेक वेळा दहाच्या आतच मावत होती. घात करत होता तो शेवटच्या क्षणी मनगटाला बसणारा हिसका.

हा हिसका कुठून येतो, हे समजून घेणे मला सर्वांत मोलाचे वाटते. नेम डोळ्यांसमोर तरंगत असतो, एका क्षणी तो अगदी अचूक दिसतो आणि मन म्हणते, ‘आत्ता’. त्या हुकमासरशी बोट ट्रिगर झटक्याने ओढते, त्याच्यासोबत इतर बोटांची पकडही आवळली जाते आणि फ्रंट साइट खाली किंवा बाजूला ढळते. म्हणून अचूक क्षण पकडण्याचा मोहच सोडावा लागतो. नेम हलत असतानाच ट्रिगरवरचा दाब अखंड वाढवत न्यायचा आणि गोळी कधी सुटेल ते नेमके ठरवायचे नाही. स्पर्धेच्या नियमांनुसार एअर पिस्तुलाचा ट्रिगर किमान ५०० ग्रॅमचा असावा लागतो. यातला बराचसा भार पहिल्या टप्प्यातच, पिस्तूल लक्ष्याकडे खाली आणताना, उचलून घेतला की उरलेला दाब वाढवणे सोपे जाते. बोटाच्या पहिल्या पेराच्या मधल्या भागाने सरळ मागे दाब द्यावा आणि पकडीचा जोर सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकसारखा ठेवावा. जोर किती, यापेक्षा तो बदलत नाही हे अधिक महत्त्वाचे आहे.

डोळ्यांविषयी एक सवय मोडायला मला फार वेळ लागला. नजर नकळत लक्ष्यावर धावते, तर ती फ्रंट साइटवर खिळलेली हवी, इतकी की लक्ष्याचे काळे वर्तुळ धूसर दिसावे. नेमही वर्तुळाच्या मध्यावर न धरता त्याच्या खालच्या पांढर्‍या भागात धरावा, कारण काळ्यावर काळी साइट स्पष्ट दिसत नाही. दुसरा डोळा मिटून ठेवल्याने चेहर्‍याच्या स्नायूंवर ताण येतो, त्यापेक्षा त्याच्यासमोर झापड लावणे बरे.

उभे राहण्याची पद्धत प्रत्येकाच्या शरीरानुसार वेगळी असते. पिस्तूल उचलून डोळे मिटावेत, दोन श्वास घ्यावेत आणि डोळे उघडावेत. साइट लक्ष्याच्या उजवीकडे किंवा डावीकडे गेलेली दिसली तर हात न वळवता पाय हलवावेत.

सरावाचा मोठा भाग मी आता छर्‍याशिवाय, ड्राय फायरिंगने करतो. पिस्तूल रिकामे असल्याची दोनदा खात्री करून, नळी सुरक्षित दिशेला ठेवून, कोर्‍या भिंतीसमोर उभे राहायचे आणि ट्रिगर सुटताना फ्रंट साइट जागची हलली का, एवढेच पाहायचे. आवाज नाही, धक्का नाही, गुण नाहीत, त्यामुळे बोटाची प्रत्येक लबाडी उघडी पडते. रेंजवरही पहिले काही छर्रे मी लक्ष्याचा कागद उलटा लावून कोर्‍या बाजूवर मारतो. अशा कागदावरचे माझे ग्रुपिंग, म्हणजे छर्‍यांच्या छिद्रांचा पुंजका, छापील लक्ष्यावरच्या ग्रुपिंगपेक्षा लहान येते, हे पहिल्यांदा पाहिले तेव्हा मी बराच वेळ तो कागद हातात धरून उभा होतो.

उरते ती गोळी न मारण्याची तयारी. साठ गोळ्यांसाठी ७५ मिनिटे मिळतात, म्हणजे एका गोळीमागे सव्वा मिनिट, आणि ते पुरेसे आहे. नेम धरून आठ-दहा सेकंद उलटली तरी ट्रिगर सुटला नाही, तर हात थकू लागतो, नजर शिळी होते आणि त्यानंतर जबरदस्तीने मारलेली गोळी क्वचितच चांगली जाते. अशा वेळी पिस्तूल खाली घेऊन, श्वास पूर्ववत होऊ देऊन, सगळा क्रम पहिल्यापासून करावा. माझ्या वहीत मी आता गुणांशेजारी आणखी एक आकडा लिहितो, तो म्हणजे पिस्तूल किती वेळा न मारता खाली घेतले. गेल्या सरावात तो अकरा होता आणि त्या दिवशी सातवर एकही छर्रा गेला नाही.