नुसता बसलेला माणूस

"मामा, हा तर काहीच करत नाहीये. नुसता हेडफोन लावून बसलाय." काल रात्री 'द लाइव्ह्ज ऑफ अदर्स' बघताना भाचा म्हणाला. ते वाक्य अजून डोक्यातून जात नाहीये.

कारण या जर्मन चित्रपटातल्या मुख्य नटाचं, उलरिश म्यूएचं, सगळं काम त्या बसण्यातच आहे! त्याची भूमिका पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांच्या, श्टाझीच्या, अधिकाऱ्याची. माळ्यावर बसून खालच्या घरातल्या नाटककाराचं आयुष्य चोरून ऐकणारा. चेहऱ्यावरची रेषही हलत नाही, तरी आत काहीतरी ढासळत चाललंय हे आपल्याला कळतं. मग खालून पियानो ऐकू येतो आणि गालावरून एक थेंब ओघळतो. बस्स, एवढंच.

म्यूए स्वतः पूर्व जर्मनीतला. तरुणपणी लष्करी सेवेत बर्लिनच्या भिंतीवर पहारा दिला, तिथे पोटात अल्सर झाले. मग लाइपझिगला नाट्यशिक्षण, पुढे बर्लिनच्या डॉइचेस थिएटरचा आघाडीचा नट.

४ नोव्हेंबर १९८९ला तो आलेक्झांडरप्लाट्झच्या प्रचंड सभेत सत्ताधारी पक्षाच्या मक्तेदारीविरुद्ध बोलला. भिंत तेव्हा उभी होती! ती उघडली त्यानंतर पाच दिवसांनी.

या भूमिकेची तयारी कशी केलीत, असं विचारल्यावर त्याचं उत्तर होतं, मी आठवलं.

फेब्रुवारी २००७मध्ये चित्रपटाला ऑस्कर मिळालं. जुलैत पोटाच्या कॅन्सरने तो गेला. अवघा ५४ वर्षांचा होता.

ज्या राजवटीविरुद्ध आपण उभे राहिलो, तिच्याच एका माणसाला इतक्या मायेने समजून घ्यायला काय लागत असेल?