तलवारबाज थॉमस बाख यांची दुसरी कारकीर्द

आपल्या सातारा जिल्ह्यात खेळाडूची कहाणी बहुधा पदकाशी किंवा त्यानंतरच्या सरकारी नोकरीशी संपते. गोळेश्वरचे खाशाबा जाधव १९५२ साली हेलसिंकीहून कांस्यपदक घेऊन आले आणि पुढे पोलीस दलात गेले. माण तालुक्यातील मोहीच्या ललिता बाबर रिओत स्टीपलचेसच्या अंतिम फेरीत धावल्या आणि नंतर शासकीय सेवेत रुजू झाल्या. क्रीडा संघटनेची खुर्ची मात्र खेळाडूसाठी असते, असे आपल्याकडे सहसा कोणी धरूनच चालत नाही. म्हणूनच जर्मन तलवारबाज थॉमस बाख यांची वाटचाल मला अभ्यासण्याजोगी वाटते.

१९७६ च्या माँट्रियल ऑलिंपिकमध्ये फॉइल या तलवारबाजीच्या प्रकारात सांघिक सुवर्णपदक मिळवणाऱ्या पश्चिम जर्मनीच्या संघात ते होते. त्यांना प्रशासनाकडे वळवले ते मात्र या विजयाने नव्हे, तर १९८० च्या पराभवाने, असे माझे मत आहे. अफगाणिस्तानातील सोव्हिएत आक्रमणामुळे मॉस्को ऑलिंपिकवर बहिष्कार घालावा, असा राजकीय दबाव जर्मन ऑलिंपिक समितीवर आला, तेव्हा खेळाडूंचे प्रतिनिधी म्हणून बाख यांनी त्याला विरोध केला; परंतु त्यांचे कोणी ऐकले नाही आणि संघ गेला नाही. पुढच्याच वर्षी बाडेन-बाडेनच्या ऑलिंपिक काँग्रेसमध्ये खेळाडूंना बोलण्याची संधी मिळाली, त्यातूनच आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचा खेळाडू आयोग उभा राहिला आणि त्याच्या संस्थापक सदस्यांत धावपटू सेबॅस्टियन को यांच्यासह बाख होते. पुढे कायद्यातील डॉक्टरेट, १९९१ मध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीचे सदस्यत्व आणि २०१३ मध्ये अध्यक्षपद, असा हा चढता प्रवास आहे.

मात्र खुर्चीवर बसल्यावर खेळाडूही बदलतो. २०२१ मध्ये ते एकमेव उमेदवार म्हणून ९३ विरुद्ध १ मतांनी पुन्हा निवडून आले. ज्यांनी एके काळी विरोधी आवाजासाठी भांडण केले, त्यांच्या कारकिर्दीत विरोध इतका क्षीण व्हावा, हे मला खटकते. त्याच वेळी २०२३ मध्ये रशियन प्रतिस्पर्ध्याशी हस्तांदोलन न केल्याने अपात्र ठरलेल्या युक्रेनच्या तलवारबाज ओल्हा खारलान यांना पॅरिस ऑलिंपिकमधील जागेची हमी देणारे पत्र बाख यांनी पाठवले आणि त्यात स्वतःच्या तलवारबाजीचा उल्लेख केला. खारलान यांनी पुढे पॅरिसमध्ये वैयक्तिक कांस्य आणि सांघिक सुवर्ण मिळवले. अर्थात, एका व्यक्तीच्या पत्रावर न्याय अवलंबून राहावा का, हा प्रश्न उरतोच.

ऑक्टोबर २०२३ मध्ये मुंबईत भरलेल्या आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीच्या ज्या अधिवेशनात क्रिकेटचा २०२८ च्या ऑलिंपिकमध्ये समावेश झाला, त्याच अधिवेशनात काही सदस्यांनी बाख यांची मुदत वाढवण्याची सूचना केली होती. त्यांनी वर्षभरातच ती नाकारली आणि २०२५ मध्ये झिम्बाब्वेच्या जलतरणपटू क्रिस्टी कॉव्हेंट्री यांच्याकडे सूत्रे गेली. कॉव्हेंट्री यांनीही पूर्वी खेळाडू आयोगात, तेही अध्यक्ष म्हणून, काम केले होते. भारतातही २०२५ च्या क्रीडा प्रशासन कायद्याने राष्ट्रीय महासंघांच्या कार्यकारिणीत नामवंत खेळाडूंना स्थान दिले आहे. जिल्हा संघटनांच्या निवडणुकांत, जिथे आमदार-खासदारांच्या नावाला अजूनही अधिक वजन आहे, तिथे हीच तरतूद कोण मागणार, याची मला अधिक उत्सुकता आहे.