सोनावळीचा लूप

मी मालगाडीचा गार्ड होतो. (आता ट्रेन मॅनेजर म्हणतात. निवृत्तीनंतर फुकटची बढती!) कर्नाटकातलं कॅसलरॉक ते गोव्यातलं कुळे हा घाट किती वेळा उतरलो, हिशेब नाही. ३७ फुटांना एक फूट चढ, म्हणून वर जाणाऱ्या गाडीला मागून ढकलायला बँकर इंजिनं लावायची. लाइन एकेरी. ती गाडी वर येईपर्यंत आम्ही वाटेतल्या सोनावळी स्टेशनच्या लूपमध्ये, म्हणजे बाजूच्या रुळावर. एका श्रावणात पावणेदोन तास ब्रेकव्हॅनमध्ये (गार्डच्या डब्यात) बसून, मोज्यात शिरलेल्या जळवा चुना लावून काढत, डबलिंग करत नाहीत, दुसरी लाइन टाकत नाहीत म्हणून सरकारला शिव्या घालत होतो.

त्यामुळे ९ मे २०२२ ला सुप्रीम कोर्टाने याच टप्प्याच्या दुपदरीकरणाला राष्ट्रीय वन्यजीव मंडळाने दिलेली मंजुरी रद्द केली, तेव्हा माझं डोकंच फिरलं. मुलगी वकील. म्हणाली, "बाबा, चिडा तुम्ही, पण आधी वाचा तरी."

वाचलं. रेल्वे कायदा १९८९, कलम ११: दुसऱ्या कायद्यात काहीही असो, रेल्वेला बांधकाम करता येतं. कुठे, तर डोंगर, दऱ्या, नद्या, कालवे, ओहोळ... यादीच दिली आहे. शिवाय २००६ च्या पर्यावरण अधिसूचनेत पूर्वमंजुरी लागणाऱ्या प्रकल्पांत विमानतळ आहे, महामार्ग आहे, अगदी रोपवेसुद्धा आहे, रेल्वे नाही. नोकरीत असताना हे कळलं असतं तर कॉलर ताठ करून फिरलो असतो.

पण वाटेत गोव्यातलं मोलेचं अभयारण्य आणि राष्ट्रीय उद्यान लागलं की १९७२ चा वन्यजीव कायदा आडवा येतो. कलम २९ म्हणतं, तिथल्या प्राण्यांच्या राहत्या जागेला हात लावायचा तर ते वन्यजीवांच्याच भल्यासाठी आवश्यक असलं पाहिजे. आता दुसऱ्या लाइनमुळे मुरगाव बंदरातला कोळसा कर्नाटकात लवकर पोचल्याने गव्याचं काय भलं होणार, हे मलाही सांगता येईना. गोव्यातल्या चांदरला २०२० च्या नोव्हेंबरात लोक विरोध करायला रात्री रुळांवर उतरले, तेही या कोळशावरूनच.

कोर्टाने दार बंद केलेलं नाही, हे मला आधी कुणी सांगितलंच नव्हतं. जंगलावर आणि त्यातल्या जीवांवर काय परिणाम होईल याचा नीट अभ्यास करा, मग मंडळाकडे नव्याने या, असं म्हटलंय. म्हणजे आधी तो झालाच नव्हता. सिग्नल न बघता गाडी सोडली असती तर आम्हाला चार्जशीट मिळाली असती.

"तुम्हाला गवे दिसायचे का?" लेकीने विचारलं.

दिसायचे? गाडी थांबायची. ड्रायव्हर हॉर्न मारून दमायचा, कळप ढिम्म. मी जर्नलमध्ये, म्हणजे गार्डच्या नोंदवहीत, नोंद करायचो: गवे लाइनवर, ९ मिनिटं.

"मग ती जर्नलं कुठे आहेत?"

ट्रिप संपली की ऑफिसात जमा.